पार्ल्याची पोटनिवडणूक: निकाल बरोबर, वेळ चुकलेली

विलेपार्ले विधानसभा मतदारसंघातल्या १९८७ च्या पोटनिवडणुकीबद्दल दोन गोष्टी हमखास सांगितल्या जातात. शिवसेनेने हिंदुत्वाचं वळण घेतलं ते इथे, ही पहिली. ‘हिंदुत्व ही जीवनपद्धती’ असं सर्वोच्च न्यायालय म्हणालं ते याच निवडणुकीवरच्या खटल्यात, ही दुसरी. दोन्ही खऱ्या आहेत. पण दुसरी सांगणारे बहुतेक जण तिथेच थांबतात. ज्या उमेदवाराच्या, म्हणजे शिवसेनेच्या डॉ. रमेश प्रभूंच्या, अपिलात हे विवेचन आलं तो उमेदवार ते अपील हरला होता, हे मुद्दाम सांगावं लागतं. आणि तो हरला तेव्हा त्याच्याकडून काढून घ्यायला आमदारकीच उरली नव्हती. १९९० आणि १९९५ अशा दोन सार्वत्रिक विधानसभा निवडणुका मधल्या काळात होऊन गेल्या होत्या.

त्या निकालातल्या हिंदुत्वाच्या व्याख्येवर गेली तीस वर्षं वाद चालू आहे, तो चालू राहो. त्याच खटल्यातल्या तारखांवर मात्र कुणी वाद घालत नाही, आणि खरा दोष त्या तारखांत आहे. धर्माच्या नावाने मतं मागितल्याचा आरोप सिद्ध झाला, दोन्ही न्यायालयांत टिकला, शिक्षाही झाली. तरीही पार्ल्याच्या मतदाराच्या पदरात काही पडलं नाही. असं होऊ देण्याची सोय आपल्या निवडणूक कायद्याच्या बांधणीतच आहे, आणि ती आजही तशीच आहे.

आधी घटनाक्रम. १९८५ मध्ये शिवसेनेचा विधानसभेत एकच आमदार होता, माझगावचे छगन भुजबळ. महापालिका मात्र त्याच वर्षी सेनेकडे आली होती, आणि पार्ल्यात सेनेने उभे केलेले डॉ. रमेश प्रभू त्या वेळी मुंबईचे महापौर होते. समोर काँग्रेसचे प्रभाकर कुंटे आणि जनता पक्षाचे प्राणलाल व्होरा. भाजपने पाठिंबा दिला होता तो व्होरांना. सेना-भाजप युती झाली ती १९८९ मध्ये. मतदान १३ डिसेंबर १९८७ ला झालं, दुसऱ्या दिवशी निकाल लागला आणि प्रभू निवडून आले.

पुढचा सगळा खटला उभा राहिला तो बाळासाहेब ठाकरे यांच्या तीन भाषणांवर. पहिलं २९ नोव्हेंबरला पार्ल्यात सेनेच्या शाखेसमोर, दुसरं ९ डिसेंबरला खारदांड्याला शंकराच्या देवळाजवळ, तिसरं १० डिसेंबरला पार्ले पूर्वेच्या जलतरण मैदानावर. म्हणजे शेवटचं भाषण मतदानाच्या तीन दिवस आधीचं. ही निवडणूक हिंदू धर्माच्या रक्षणासाठी आहे, मुसलमानांच्या मतांची आम्हाला गरज नाही, प्रभूंना धर्माच्या नावाने विजयी करा, मशिदी खणल्या तर खाली देवळंच सापडतील, असा त्यांचा आशय न्यायालयाने नोंदवला आहे. जनता पक्षातल्या मुस्लिम नेत्यांची नावं घेऊन त्या पक्षाला गाडा, असं आवाहनही शेवटच्या भाषणात होतं.

उच्च न्यायालयाने तिन्ही भाषणांना एकच माप लावलं नाही, हे ध्यानात घेण्यासारखं आहे. लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम १२३(३) खाली उमेदवाराच्या धर्माच्या आधारावर मत मागणं हा भ्रष्ट आचार ठरतो. कलम १२३(३अ) खाली नागरिकांच्या गटांमध्ये धर्म, जात, भाषा यांवरून वैर पसरवणं हा वेगळा भ्रष्ट आचार आहे. खारदांड्याचं भाषण पहिल्याच कलमात बसलं. बाकीची दोन दोन्ही कलमांत बसली. इथे ‘भ्रष्ट आचार’ म्हणजे लाचखोरी असा अनेकांचा समज होतो. लाच हा त्यातला एक प्रकार, धर्माच्या नावाने मत मागणं हा दुसरा. त्यासाठी तुरुंगवास नाही. निवडणूक रद्द होते आणि अपात्रता येते, एवढंच. तुरुंगाची तरतूद वैर पसरवण्याबद्दलच्या कलम १२५ मध्ये आहे, आणि तो पूर्णपणे वेगळा खटला असतो.

भाषण ठाकऱ्यांचं आणि आमदारकी जाणार प्रभूंची, हे कसं? याचं उत्तर कलम १००(१)(ब) मध्ये आहे. भ्रष्ट आचार विजयी उमेदवाराने केला, त्याच्या निवडणूक प्रतिनिधीने केला किंवा या दोघांपैकी कुणाच्या संमतीने तिसऱ्याने केला, तर निवडणूक रद्दच. मतांवर किती परिणाम झाला हे मग दाखवावं लागत नाही. संमती सिद्ध झाली नाही, तर मात्र त्या भाषणामुळे निकाल पालटला हे सिद्ध करायची पाळी याचिकाकर्त्यावर येते, आणि गुप्त मतदानात ते जवळजवळ अशक्य असतं. म्हणून अशा प्रत्येक खटल्यात खरी मारामारी ‘संमती’वर होते. लेखी संमती कुणी देत नाही. पक्षप्रमुख आपल्याच उमेदवाराच्या मतदारसंघात येऊन त्याचं नाव घेऊन मतं मागतो आणि उमेदवार ना हरकत घेतो ना हात झटकतो, यावरून ती अनुमानाने काढावी लागते. पार्ल्याच्या खटल्यात ती सिद्ध धरली गेली.

आता तारखा. कुंटे यांची याचिका मुंबई उच्च न्यायालयात १९८८ ची निवडणूक याचिका क्रमांक १ म्हणून नोंदली गेली. न्यायमूर्ती एस. पी. भरुचा यांनी ७ एप्रिल १९८९ रोजी निवडणूक रद्द ठरवली. निकालापासून जवळपास सोळा महिने. कायद्याचं कलम ८६(७) सांगतं की याचिका दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत ती निकाली काढण्याचा ‘प्रयत्न’ व्हावा. सोळा महिने सहापेक्षा बरेच जास्त, पण आपल्याकडच्या सरासरी अनुभवाला धरून बोलायचं तर उच्च न्यायालयाने काम लवकर केलं असंच म्हणावं लागेल. विधानसभेची मुदत तेव्हा अजून वर्षभर शिल्लक होती.

मग प्रकरण दिल्लीला गेलं. न्या. जे. एस. वर्मा, न्या. एन. पी. सिंग आणि न्या. के. वेंकटस्वामी यांच्या पीठाने अपील फेटाळलं ते ११ डिसेंबर १९९५ रोजी. उच्च न्यायालयाच्या निकालानंतर सहा वर्षं आठ महिने. मतदानाच्या दिवसापासून मोजलं तर आठ वर्षांना दोन दिवस कमी. त्याच दिवशी त्याच पीठाने सेनेच्याच मनोहर जोशी यांचं, त्यांची निवडणूक रद्द ठरवणाऱ्या निकालाविरुद्धचं अपील मान्य केलं. महाराष्ट्रात पहिलं हिंदू राज्य स्थापन होईल, हे जोशींचं वाक्य म्हणजे फार तर एक आशा, धर्माच्या नावाने मत मागणं नव्हे, असं न्यायालय म्हणालं. निकालाच्या दिवशी जोशी मुख्यमंत्री होते, साहजिकच मथळे त्यांचे झाले. प्रभू हरल्याची बातमी त्यात झाकली गेली आणि पुढे दोन्ही निकाल लोकांच्या आठवणीत एकमेकांत मिसळून गेले. खरं तर ते शेजारी ठेवून वाचले तर न्यायालयाची कसोटी स्वच्छ दिसते: नुसता ‘हिंदुत्व’ हा शब्द उच्चारणं गुन्हा नाही, पण त्याच्या आडून अमक्याला धर्मासाठी मत द्या आणि तमक्यांची मतं नकोत असं म्हटलं की कायदा मोडला. कसोटी पटो वा न पटो, त्या पीठाने ती दोन्ही बाजूंनी लावली होती.

हा कायदा फक्त एकाच बाजूवर उगारला जातो, असा आरोप होतो. मुंबईचाच इतिहास तो खोटा ठरवतो. १९७२ मध्ये कुंभारवाड्यातून मुस्लिम लीगचे झियाउद्दीन बुखारी निवडून आले. त्यांची भाषणं पोलिसांनी टेपवर घेतली होती. त्या टेप पुराव्यात ग्राह्य धरून सर्वोच्च न्यायालयाने १९७५ मध्ये त्यांची निवडणूक रद्द ठरवण्याचा निकाल कायम केला, तेव्हा त्या विधानसभेची मुदत अजून संपलेली नव्हती. तीन वर्षंही काही कमी नाहीत, पण निदान त्या निकालाला लागू व्हायला जागा होती.

पार्ल्याच्या शेजारच्या स्टेशनचं उदाहरण याहून बोलकं आहे. सांताक्रूझमधून १९९० मध्ये भाजपचे अभिराम सिंह निवडून आले. त्यांची निवडणूकही धर्माच्या नावाने मतं मागितल्याच्या कारणावरून उच्च न्यायालयाने १९९१ मध्ये रद्द केली. ते अपील लहान पीठाकडून मोठ्याकडे, तिथून आणखी मोठ्याकडे असं सरकत सात न्यायाधीशांपुढे गेलं. कलम १२३(३) मध्ये उमेदवाराचाच धर्म अभिप्रेत आहे की मतदाराचाही, एवढ्या प्रश्नाचं उत्तर २ जानेवारी २०१७ रोजी चार विरुद्ध तीन असं मिळालं: मतदाराचाही. उत्तर महत्त्वाचं आहे, वर्मा पीठाचा अर्थ त्याने ओलांडला. पण १९९० च्या आमदारकीचा प्रश्न २०१७ मध्ये सुटतो तेव्हा त्याला निवडणूक याचिका म्हणायचं की इतिहास संशोधन?

पोटनिवडणुकीत ही दिरंगाई आणखी जड जाते, कारण मुळात मुदतच अर्धवट असते. पार्ल्याच्या विजेत्याला सव्वादोन वर्षांच्या आसपास मिळणार होती. १९९६ मध्ये कलम १५१अ आलं, त्याने जागा रिकामी झाल्यापासून सहा महिन्यांत पोटनिवडणूक घ्यायचं बंधन घातलं. शिल्लक मुदत वर्षाहून कमी असेल तर सूट. म्हणजे कायद्याला जागा सहा महिन्यांहून जास्त रिकामी राहिलेली चालत नाही. तीच जागा गैरमार्गाने भरली गेली असेल तर मात्र पाच, आठ, सत्तावीस वर्षं चालतात.

याचिका करणाऱ्याची बाजू पाहा. निकालापासून ४५ दिवसांत ती उच्च न्यायालयात दाखल व्हायला हवी. एका दिवसाचाही उशीर माफ होत नाही. दोन हजार रुपये अनामत. जितके प्रतिवादी तितक्या प्रती, आणि प्रत्येक प्रतीवर ‘खरी प्रत’ म्हणून याचिकाकर्त्याची स्वतःची सही. ज्या कुठल्या उमेदवारावर भ्रष्ट आचाराचा आरोप असेल तो हरलेला असला तरी त्याला पक्षकार करावंच लागतं. भ्रष्ट आचाराचा आरोप असेल तर नमुना २५ मधलं वेगळं प्रतिज्ञापत्र, आणि त्यात भाषण कुठे, कधी, कुणी केलं याचा पूर्ण तपशील. ‘प्रचारात ठिकठिकाणी धार्मिक आवाहनं झाली’ असं मोघम लिहिलं की याचिका दारातच अडते. पक्षकार सुटला तर कलम ८६(१) खाली ती साक्षीपुराव्यापर्यंत पोचतच नाही. भाषण करणारा उमेदवार नसेल, तर कलम ९९ खाली त्याला नोटीस देऊन साक्षीदार तपासण्याची संधी द्यावी लागते. ही पायरी चुकवली की जिंकलेला खटला वरच्या न्यायालयात लंगडा होतो.

आणि मग पुरावा. वर्तमानपत्राचं कात्रण एकटं पुरत नाही. वार्ताहराने साक्षीला उभं राहावं लागतं. चित्रफीत असेल तर ती कुठल्या उपकरणातून, कशी तयार झाली याचं प्रमाणपत्र लागतं. केरळच्या एरनाड मतदारसंघाच्या खटल्यात २०१४ मध्ये प्रचारातल्या भाषणांच्या आणि गाण्यांच्या सीडी केवळ त्या प्रमाणपत्राअभावी बाद झाल्या. आपल्या जालन्याचं प्रकरण तर नमुनेदार आहे. २०१४ मध्ये अर्जुन खोतकर २९६ मतांनी जिंकले. त्यांचा उमेदवारी अर्ज दुपारी तीनच्या आत आला की नंतर, हा वाद होता आणि चित्रण निवडणूक अधिकाऱ्याच्याच कार्यालयातल्या कॅमेऱ्यांचं होतं. हरलेले उमेदवार कैलास गोरंट्याल यांनी वारंवार मागूनही अधिकाऱ्यांनी प्रमाणपत्र दिलं नाही. उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने नोव्हेंबर २०१७ मध्ये निवडणूक रद्द केली. सर्वोच्च न्यायालयाने ते कायम केलं १४ जुलै २०२० रोजी. तोवर २०१९ ची निवडणूक होऊन गोरंट्याल मतपेटीतूनच आमदार झाले होते. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष अधिनियमात प्रमाणपत्राचे दोन भाग झाले आहेत, एक उपकरण ज्याच्या ताब्यात त्याचा आणि दुसरा तज्ज्ञाचा. म्हणजे काम वाढलं आहे.

त्यात ३० मे २०२५ च्या पत्राने निवडणूक आयोगाने निवडणूक प्रक्रियेचं चित्रण निकालानंतर ४५ दिवसच जपायचं ठरवलं. याचिका नसेल तर ते नष्ट करता येतं. याचिकेची मुदतही ४५ दिवस. शेवटच्या दिवशी याचिका दाखल झाली आणि तिची खबर जिल्हा कार्यालयात आठवड्याने पोचली, तर मधल्या दिवसांत काय उरलं असेल? ही मुदत निदान सहा महिने हवी, आणि उमेदवाराने लेखी मागणी केली तर प्रमाणपत्रासह प्रत देणं अधिकाऱ्यावर बंधनकारक हवं. यासाठी कायदा बदलायचीही गरज नाही, आयोगाचं एक परिपत्रक पुरे.

लवकर निकालाची मागणी केली की एक आक्षेप हमखास येतो: भ्रष्ट आचाराचा आरोप जवळजवळ फौजदारी स्वरूपाचा, शंकेला जागा न ठेवता सिद्ध करायचा, घाई केली तर लोकांनी निवडून दिलेला माणूस हकनाक घरी जाईल. आक्षेप खोटा नाही. पण कसोटी कडक असणं वेगळं आणि फाइल पडून राहणं वेगळं. पार्ल्याच्या खटल्यात साक्षीपुरावा सोळा महिन्यांत संपला होता, कडक कसोटी लावूनच. उरलेली जवळपास सात वर्षं कुणाची उलटतपासणी चालली नव्हती. उच्च न्यायालयात निवडणूक याचिका ज्या न्यायाधीशाकडे जाते त्याला त्या काळापुरतं इतर कामातून मोकळं केलं आणि सर्वोच्च न्यायालयाने अशा अपिलांसाठी वर्षातले ठरावीक आठवडे राखले, तर कसोटी तसूभरही सैल करावी लागत नाही. ‘प्रयत्न व्हावा’ हे शब्द काढून तिथे ‘निकाली काढावी, न काढल्यास कारणं नोंदवावी’ असं लिहिलं तर आणखी बरं.

दुसरा आक्षेप जास्त अवघड आहे. लोकांनी भाषणं ऐकली, मतं दिली, माणूस निवडून आला. न्यायालय कोण मधे पडणारं? याला माझं उत्तर असं की पार्ल्यात मुसलमान मतदारही होते आणि त्यांची मतं नकोत असं जाहीर सांगितलं जात होतं. सगळ्यांचा प्रतिनिधी निवडायच्या प्रक्रियेतून काहींना बोलून वगळणं हा बहुमताचा अधिकार होऊ शकत नाही.

शिक्षेची गोष्ट तर सगळ्यात विचित्र. कलम ९९ खाली दोषी ठरलेल्या माणसाचं प्रकरण कलम ८अ प्रमाणे राष्ट्रपतींकडे जातं, राष्ट्रपती निवडणूक आयोगाचं मत घेतात आणि ते मत त्यांच्यावर बंधनकारक असतं. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल डिसेंबर १९९५ चा. ठाकऱ्यांना मतदानाला आणि निवडणूक लढवायला बंदी घालणारा आदेश निघाला जुलै १९९९ मध्ये. शिवाय जास्तीत जास्त सहा वर्षं मोजायची ती न्यायालयीन आदेश लागू झाल्यापासून, राष्ट्रपतींच्या सहीपासून नव्हे. म्हणजे फाइल जितकी फिरते तितकी शिक्षा वाटेतच विरघळते. इथे साडेतीन वर्षं अशीच गेली. २००९ च्या दुरुस्तीने प्रकरण राष्ट्रपतींकडे पाठवायला तीन महिन्यांची मुदत घातली, पण आयोगाने मत कधी द्यायचं याला अजूनही मुदत नाही.

त्यातही बंदी कसली, तर निवडणूक लढवण्याची आणि मत देण्याची. ज्या नेत्याने आयुष्यात एकही निवडणूक लढवली नाही त्याला निवडणूक लढवायला बंदी! त्याचं एक मत गेलं. भाषणं करायला कायद्याची आडकाठी नव्हती, आणि मूळ तक्रार तर भाषणाचीच होती.

माझ्या मते शिक्षा प्रचाराला चिकटली पाहिजे, आणि त्यासाठी जागा कायद्यात आधीच आहे. कलम ७७ प्रमाणे मान्यताप्राप्त पक्षाला चाळीस आणि इतर नोंदणीकृत पक्षाला वीस ‘स्टार प्रचारक’ नेमता येतात. त्यांच्या प्रवासाचा खर्च उमेदवाराच्या खात्यात धरला जात नाही. महाराष्ट्रात विधानसभेच्या उमेदवाराला सध्या ४० लाखांची मर्यादा आहे. एका हेलिकॉप्टर फेरीने ती किती खाल्ली जाईल याचा हिशेब पक्षांना नीट ठाऊक असतो. कलम ९९ खाली नाव आलेला माणूस पुढची सहा वर्षं या यादीत बसणार नाही, एवढी दुरुस्ती करा. बोलायला त्याला मोकळीक राहील, पण तो आला की खर्च उमेदवाराच्या अंगावर पडेल. उमेदवारच त्याला बोलवायच्या आधी दोनदा विचार करेल.

आयोगाने हे स्वतःच्या अधिकारात करून पाहिलं आहे, तेही पोटनिवडणुकांतच. २०२० मध्ये मध्य प्रदेशात २८ जागांसाठी पोटनिवडणुका चालू असताना कमलनाथ यांचा स्टार प्रचारकाचा दर्जा आयोगाने काढून घेतला. सर्वोच्च न्यायालयाने २ नोव्हेंबरला त्या आदेशाला स्थगिती दिली. असा अधिकार तुम्हाला दिला कुणी, हा न्यायालयाचा सवाल होता. मतदान दुसऱ्याच दिवशी होतं. तो अधिकार संसदच देऊ शकते, आणि त्यासाठी कलम ७७ च्या स्पष्टीकरणात एक परंतुक घालायला लागतं.